मदत हवी आहे : अटांड्वा कानी यांच्या कारकिर्दीविषयी

सप्रेम नमस्कार.

आमच्या नाट्यमंडळाच्या दिवाळी अंकासाठी मी दक्षिण आफ्रिकेतील अभिनेते अटांड्वा कानी यांच्यावर लेख लिहीत असून, त्यासाठी जाणकारांची मदत हवी आहे. त्यांचे वडील जॉन कानी यांनी वर्णभेदाच्या काळात नाटककार अथॉल फ्युगार्ड आणि अभिनेते विन्स्टन न्त्शोना यांच्यासह नाटके रचली आणि १९७५ साली न्त्शोना यांच्याबरोबर अभिनयाचा टोनी पुरस्कार (अमेरिकी रंगभूमीचा मानाचा पुरस्कार) मिळवला. अशा वडिलांच्या सावलीत मुलाने स्वतःची वाट कशी काढली, हाच माझ्या लेखाचा गाभा आहे.

२००९ मध्ये केप टाउनच्या बॅक्स्टर थिएटर आणि रॉयल शेक्सपिअर कंपनीने मिळून केलेल्या शेक्सपिअरच्या ‘द टेम्पेस्ट’ या नाटकामध्ये वडील कॅलिबन, तर मुलगा एरियल होता, एकाच मालकाचे दोन गुलाम, आणि ते साकारणारे पितापुत्र, ही योजना मला फार अर्थपूर्ण वाटते. पुढे ‘ब्लॅक पँथर’ (२०१८) या चित्रपटात वडिलांनी राजा टी’चाका साकारला आणि त्याच राजाचे तारुण्य मुलाने.

त्या ‘टेम्पेस्ट’चे चित्रीकरण कोणी पाहिले आहे का, आणि ते कोठे पाहता येईल? अटांड्वा यांच्या दक्षिण आफ्रिकेतील दूरदर्शन मालिकांपैकी कोणती आधी पाहावी? तसेच जोहान्सबर्ग किंवा केप टाउन येथे राहणाऱ्या मराठी मंडळींनी कोसा या दक्षिण आफ्रिकेतील भाषेतील नावे, विशेषतः जिभेच्या टिचकीने उच्चारले जाणारे वर्ण, देवनागरीत कसे लिहावेत हे सांगितल्यास मी अत्यंत आभारी राहीन.