वरिष्ठ लिपिकाची पदं रिकामी, काम मी करते, पण समितीची बैठकच होत नाही

सेवार्थवाली:
राज्य शासनाच्या एका जिल्हा कार्यालयात २००९ ला लिपिक-टंकलेखक म्हणून लागले. विभागीय परीक्षा मुदतीत पास आहे. गोपनीय अहवाल चांगले, मत्ता व दायित्व दरवर्षी भरलेलं, चौकशी वगैरे काही नाही. आमच्याच कार्यालयात वरिष्ठ लिपिकाची दोन पदं रिक्त आहेत आणि त्यातलं एक टेबल मीच सांभाळते. वेतन देयकं, आयकर, भविष्य निर्वाह निधीचे प्रस्ताव, सगळं. सही करताना मात्र पदनाम तेच, लिपिक.

१० वर्षं झाल्यावर आश्वासित प्रगतीचा (पदोन्नती न मिळाल्यास वरच्या पदाचं वेतन देणारी योजना) पहिला लाभ मिळाला. एस-६ वरून एस-८, म्हणजे १९,९०० च्या स्तरातून २५,५०० च्या. तो अगदी वेळेवर मिळाला, खोटं कशाला बोलू. पण आता पदोन्नतीचा विषय काढला की साहेब म्हणतात, "मॅडम, पैसे मिळतायत ना? पद मिळून वेगळं काय होणार?"

वेगळं हे होणार की त्याच्या पुढच्या पदासाठी वरिष्ठ लिपिक म्हणून केलेली सेवाच मोजतात. इथे अडकले की पुढचंही तेवढंच लांबतं. पगारवाढीने ती सेवा मोजली जात नाही.

पदोन्नती समितीची बैठक गेली काही वर्षं झालेली नाही. कारण एकच सांगतात, बिंदुनामावली (पदांवरच्या आरक्षणाची नोंदवही) मावककडून, म्हणजे मागासवर्ग कक्षाकडून, तपासून आलेली नाही. दुसऱ्या विभागातली माझ्यानंतर लागलेली मैत्रीण मात्र वरिष्ठ लिपिक झाली. मला मानीव दिनांक, म्हणजे मागच्या तारखेपासून पदोन्नती धरणं, मागता येईल का? की थेट मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं?

निवृत्त अधीक्षक:
ताई, मैत्रिणीचं उदाहरण अर्जात घालू नका. तुमची आणि तिची ज्येष्ठता सूची वेगळी असेल, तर ती तुमची कनिष्ठ ठरत नाही. मानीव दिनांक मिळतो तो एकाच सूचीतल्या कनिष्ठाला आधी पदोन्नती दिली आणि तुम्हाला विनाकारण डावललं तर. तुमच्याकडे तर कुणालाच दिलेली नाही.

आधी बघा, तुमच्या संवर्गाची १ जानेवारीची अंतिम ज्येष्ठता सूची निघाली आहे का. अनेक ठिकाणी तात्पुरती सूची काढतात, हरकती मागवतात आणि फाईल तिथेच झोपते. अंतिम सूचीच नसेल तर समितीपुढे ठेवणार काय? माझ्या नोकरीत बिंदुनामावलीचं नाव पुढे करून सूचीचं काम लपवलेलं मी पाहिलं आहे.

कायदा_सहायक:
बिंदुनामावलीच्या कारणाबद्दल. ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदोन्नती कोट्यातली पदं २५ मे २००४ च्या स्थितीनुसार सेवाज्येष्ठतेने भरायचं ठरलं, सर्वोच्च न्यायालयातल्या याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून. (त्या निर्णयावर मोठा वाद आहे, तो कृपया इथे नको.) तेव्हा बिंदूंमुळे नेमकं काय अडलं आहे, हे लेखी विचारा. तोंडी उत्तराला किंमत नाही.

हक्काचं म्हणाल तर पदोन्नती मिळण्याचा हक्क नाही, पदोन्नतीसाठी विचार होण्याचा आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ च्या अजितसिंग प्रकरणात तो कलम १६ खालचा मूलभूत हक्क म्हटला आहे. म्हणून मॅटपुढे 'मला वरिष्ठ लिपिक करा' अशी मागणी टिकणार नाही. 'ठराविक मुदतीत समितीची बैठक घेऊन माझा विचार करा' ही टिकू शकते.

मुदतीचं जपा. निवेदन दिल्यावर सहा महिने उत्तर आलं नाही, तर त्यापुढे एका वर्षात अर्ज करायचा असतो. दर वर्षी नवं निवेदन दिल्याने मुदत नव्याने सुरू होत नाही. लोक पाच-सहा स्मरणपत्रं देतात आणि मग विलंब माफीसाठी भांडत बसतात.

झेडपीकर:
तुम्हाला मॅट तरी आहे. आम्ही जिल्हा परिषदवाले, आम्हाला उच्च न्यायालयच गाठावं लागतं. वकिलाची फी ऐकली की पदोन्नती नको वाटते. आणि ताई, बैठक झाली आणि लांबचं ठिकाण मिळालं तर? आमच्याकडे एकाने गाव सोडायचं नाही म्हणून पदोन्नती नाकारली, मग आश्वासित प्रगतीचं प्रकरणही अडकलं. आधी घरी बोलून घ्या.

सेवार्थवाली:
बोलून झालंय, जिल्ह्यात कुठेही जायची तयारी आहे. आज आस्थापनेत विचारलं. अधीक्षक सर म्हणतात तसंच निघालं, तात्पुरती सूची आहे, अंतिम नाही. हरकती कधीच येऊन पडल्या आहेत. म्हणजे मावकचा यात संबंधच नाही!

लाभ एकदा एस-८ चा मिळाला आहे, मग पदोन्नतीने पगार परत वाढेल का?

निवृत्त अधीक्षक:
त्याच स्तरात पदोन्नती झाली तर वेतननिश्चितीचा लाभ पुन्हा मिळत नाही. तुम्हाला पदच हवं आहे, तेव्हा निवेदनात पैशाचा विषय आणू नका, साहेबांचा मुद्दा आपोआप गळतो. दोनच मागण्या लिहा, अंतिम सूची प्रसिद्ध करा आणि बैठकीचा दिनांक कळवा. सोबत माहिती अधिकारात हरकतींवरच्या टिपणीची प्रत मागा. निवेदन योग्य मार्गाने द्या, आगाऊ प्रत विभागीय कार्यालयाला पाठवा, आणि तुमच्या प्रतीवर आवक क्रमांक व तारीख घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. सहा महिने त्याच तारखेपासून मोजतात.