स्टीफन कुक : पंधरा वर्षे प्रांतासाठी, चौदा महिने देशासाठी

पूर्वाद्री (प्रश्न)

सर्वांना नमस्कार. दक्षिण आफ्रिकेच्या कसोटी संघाविषयी आपल्याकडे पुष्कळ लिहिले जाते, पण तो संघ ज्या प्रांतिक क्रिकेटमधून उभा राहतो त्याविषयी मराठीत फारसे वाचायला मिळत नाही. म्हणून एका खेळाडूच्या निमित्ताने हा धागा काढत आहे.

जोहान्सबर्गचा सलामीवीर स्टीफन कुक याने २०००-०१ च्या हंगामात ग्वाटेंग प्रांताकडून प्रथम श्रेणीत पदार्पण केले. ऑक्टोबर २००९ मध्ये ईस्ट लंडनच्या बफेलो पार्क मैदानावर लायन्स या फ्रँचायझी संघाकडून खेळताना त्याने वॉरियर्स संघाविरुद्ध ३९० धावा केल्या. त्यासाठी तो तेरा तासांहून अधिक काळ खेळपट्टीवर उभा होता. डॅरिल कलिननने १९९३-९४ मध्ये ट्रान्सवाल प्रांताकडून केलेली नाबाद ३३७ ही त्या देशातल्या देशांतर्गत क्रिकेटची सर्वोच्च खेळी होती. तो विक्रम कुकने अर्धशतकाहून जास्त अंतराने मागे टाकला. एवढे होऊनही कसोटीची टोपी मिळायला जानेवारी २०१६ उजाडला. तेव्हा तो ३३ वर्षांचा होता. सेंच्युरियनला इंग्लंडविरुद्ध पहिल्याच डावात त्याने ११५ धावा केल्या आणि त्यानंतर चौदा महिन्यांच्या आत, ११ कसोटी आणि ३ शतके एवढ्यावर त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली.

मला दोन गोष्टी समजून घ्यायच्या आहेत. ज्याने देशांतर्गत क्रिकेटचा सर्वोच्च विक्रम केला त्याला सहा वर्षांहून अधिक काळ थांबावे का लागले? आणि अशा कारकिर्दीचे मोल करताना आपण त्या ११ कसोटींकडे पाहावे की आधीच्या पंधरा वर्षांकडे? माझ्या मते दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे, पण जाणकारांचे म्हणणे ऐकायला आवडेल.

ऑफस्टंप (प्रतिसाद)

पूर्वाद्री, विषय उत्तम निवडला आहे. आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर बऱ्याच अंशी त्या काळातल्या सलामीच्या जागेच्या इतिहासात आहे, म्हणून तो थोडा विस्ताराने मांडतो.

कुक प्रथम श्रेणीत स्थिरावत होता त्याच सुमारास, मार्च २००२ मध्ये, ग्रॅम स्मिथ कसोटी संघात आला आणि मार्च २०१४ पर्यंत सलामीची एक जागा त्याच्याच नावावर राहिली. विशेष म्हणजे स्मिथ आणि कुक दोघेही जोहान्सबर्गच्या किंग एडवर्ड सेव्हन्थ स्कूलचे विद्यार्थी आणि वयातही दोघांत जेमतेम पावणेदोन वर्षांचे अंतर. म्हणजे कुकसाठी उरली ती फक्त दुसरी जागा. तिथे आधी हर्शेल गिब्ज होता. मग नील मॅकेन्झी आला, ज्याने फेब्रुवारी २००८ मध्ये चितगावला स्मिथसोबत ४१५ धावांची सलामी दिली. पुढे अ‍ॅश्वेल प्रिन्स आणि जॅक रुडॉल्फ यांनाही त्या जागी पाठवण्यात आले, जरी दोघेही मुळात मधल्या फळीतले होते. मला खटकते ते हेच की, मधल्या फळीतल्या फलंदाजाला वर ढकलून पाहिले गेले, पण वर्षानुवर्षे नवा चेंडू खेळून काढणाऱ्या माणसाला बोलावले गेले नाही.

सर्वांत मोठा धक्का मात्र स्वतःच्याच संघातून बसला असावा. ३९० च्या खेळीनंतर चारच महिन्यांनी, फेब्रुवारी २०१० मध्ये, ईडन गार्डन्सवर अल्विरो पीटरसनने कसोटी पदार्पण केले आणि पहिल्याच डावात बरोबर १०० धावा केल्या. पीटरसन हा लायन्सचाच खेळाडू. एकाच ड्रेसिंग रूममधल्या दोघांपैकी एकासाठी दार उघडले आणि त्याने ती संधी वाया घालवली नाही. मग निवड समितीला दुसऱ्याचा विचार करण्याचे कारण राहिले नाही. पीटरसन जानेवारी २०१५ मध्ये निवृत्त झाला, तेव्हाही पुढचा प्रयोग स्टियान व्हान झिलवर झाला. तोही मधल्या फळीतलाच. तो प्रयोग भारत दौऱ्यात आणि नंतर इंग्लंडविरुद्ध फसल्यावर, मालिका आधीच हातून गेलेली असताना, चौथ्या सामन्यात कुकला उतरवण्यात आले. समोर जेम्स अँडरसन आणि स्टुअर्ट ब्रॉड होते. त्या परिस्थितीत ११५ धावा करणे हे पंधरा वर्षांच्या तयारीशिवाय शक्य झाले असते असे मला वाटत नाही. वेगवान गोलंदाज कागिसो रबाडाने १३ बळी घेतल्यामुळे तो सामना रबाडाचा म्हणूनच ओळखला जातो, पण त्याचा पाया पहिल्या दिवशी कुक आणि हाशिम आमला यांच्या शतकांनी घातला होता.

आणखी एक बाब लक्षात घ्यायला हवी. २००४-०५ मध्ये तिथल्या मंडळाने अकरा प्रांतिक संघांवर सहा फ्रँचायझी बसवल्या. ग्वाटेंग आणि नॉर्थ वेस्ट मिळून लायन्स झाला. चार दिवसांच्या अव्वल स्पर्धेत एका वेळी खेळू शकणारे खेळाडू निम्म्यावर आले, त्यामुळे स्पर्धेचा दर्जा वाढला हे खरे. परंतु त्यामुळेच फ्रँचायझी स्तरावर सातत्याने धावा करणाऱ्याचे मोल आपण वाढवून धरले पाहिजे. ३९० ही खेळी दुबळ्या गोलंदाजीवर घोटवलेली नाही, सहा संघांच्या स्पर्धेतली आहे.

दुसरी_स्लिप (प्रतिसाद)

ऑफस्टंप यांनी मांडलेला क्रम बरोबर आहे, परंतु त्यातून निघणाऱ्या निष्कर्षाशी मी पूर्णपणे सहमत नाही. कुकवर अन्याय झाला असे म्हणताना त्याच्या खेळाची मर्यादाही मांडली पाहिजे.

चेंडू पडण्यापूर्वी तो यष्ट्यांसमोर बराच सरकत असे. आपल्या घरच्या मैदानांवर, उसळी ओळखीची असताना, ही पद्धत त्याला लाभली: ऑफ स्टंप कुठे आहे याचा नेमका अंदाज, बाहेरचे चेंडू सोडण्याची अमर्याद सोशिकता आणि पायांवर आलेला चेंडू लेगला वळवून मिळवलेल्या धावा. पण डावखुऱ्या गोलंदाजाचा आत येणारा चेंडू आणि पूर्ण टप्प्याचा स्विंग यांच्यासमोर असे सरकणे धोक्याचे ठरते. मार्च २०१७ मध्ये न्यूझीलंडला ड्युनेडिन आणि वेलिंग्टन येथे अनुक्रमे ट्रेंट बोल्ट आणि टिम साउदी यांच्या नव्या चेंडूपुढे चारही डावांत तो अपयशी ठरला आणि हॅमिल्टनच्या कसोटीत त्याची जागा नवोदित थ्युनिस डी ब्रॉइनला देण्यात आली. कुक पुन्हा कसोटी खेळला नाही.

तरीही एक गोष्ट मी त्याच्या बाजूने आग्रहाने सांगेन. नोव्हेंबर २०१६ मध्ये ॲडलेडला दिवस-रात्र कसोटीत, गुलाबी चेंडू प्रकाशझोतात वळत असताना, त्याने दुसऱ्या डावात १०४ धावा केल्या. सामना ऑस्ट्रेलियाने जिंकला, त्यामुळे ते शतक विस्मरणात गेले, पण समोर मिचेल स्टार्क आणि जॉश हेझलवूड होते हे विसरून चालणार नाही. त्यानंतरच्याच महिन्यात पोर्ट एलिझाबेथला श्रीलंकेविरुद्ध त्याने ११७ धावा केल्या. तीन शतके तीन वेगवेगळ्या संघांविरुद्ध आहेत. मर्यादा असलेल्या खेळाडूने आपल्या पद्धतीवर विश्वास ठेवून मिळवलेले हे यश आहे आणि मला ते देखण्या फलंदाजाच्या सहज यशापेक्षा अधिक आदरणीय वाटते.

त्याला वगळल्यावर काय झाले तेही पाहण्यासारखे आहे. २०१७ च्या इंग्लंड दौऱ्यात सलामीला हाइनो कून आला. टायटन्स संघाचा, तोही ३३ वर्षांचा, तोही प्रांतिक क्रिकेटमध्ये वर्षानुवर्षे धावा करून थकलेला. चार कसोटींत त्याला जम बसवता आला नाही. सप्टेंबर २०१७ मध्ये पॉचेफस्ट्रूमला एडन मार्करम आला, २२ वर्षांचा, आणि तिथेच हा प्रश्न मिटला. पस्तिशीकडे झुकलेल्या सलामीवीराला अपयशाची मुभा किती थोडी मिळते, हे कुक आणि कून या दोघांच्या उदाहरणांतून दिसते.

जोबर्गकर (प्रतिसाद)

नोकरीनिमित्त बरीच वर्षे जोहान्सबर्गमध्ये राहत असल्यामुळे या चर्चेत दोन गोष्टींची भर घालावीशी वाटते.

पहिली गोष्ट वडिलांची. स्टीफनची गोष्ट जिमी कुकशिवाय अपुरी आहे. १९८० च्या दशकात क्लाइव्ह राइसच्या नेतृत्वाखालील ट्रान्सवाल संघाला लोक ‘मीन मशीन’ म्हणत. जिमी कुक आणि हेन्री फोदरिंगहॅम ही त्यांची सलामीची जोडी. वर्णद्वेषी धोरणामुळे देश आंतरराष्ट्रीय क्रिकेटबाहेर असल्याने जिमीची उमेदीची सगळी वर्षे करी कप ही प्रांतांची स्पर्धा आणि बंडखोर दौरे (बहिष्कार झुगारून आलेल्या परदेशी संघांचे) यांतच गेली. १९८९ ते १९९१ असे तीन हंगाम तो सॉमरसेट या इंग्लिश काउंटीकडून खेळला आणि एकट्या १९९१ च्या हंगामात त्याने ११ शतकांसह २,७५५ धावा केल्या. एकूण प्रथम श्रेणी कारकिर्दीत २१ हजारांहून अधिक धावा आणि ६४ शतके. अखेर १३ नोव्हेंबर १९९२ रोजी डर्बनच्या किंग्जमीडवर, वयाच्या ३९ व्या वर्षी, तो कसोटीत उतरला आणि कपिल देवने टाकलेल्या सामन्याच्या पहिल्याच चेंडूवर सचिन तेंडुलकरकडे झेल देऊन बाद झाला. आपल्याकडच्या जुन्या वाचकांना तो सामना प्रवीण आमरेच्या पदार्पणातील १०३ धावांमुळे आठवत असेल. जिमीच्या वाट्याला तीनच कसोटी आल्या. तेवीस वर्षांनी मुलाने पदार्पणात शतक केले, तेव्हा इथल्या क्रिकेटप्रेमींना त्या पहिल्या चेंडूची आठवण होणे अगदी स्वाभाविक होते.

दुसरी गोष्ट अधिक गंभीर आहे. ज्या करी कपच्या आकड्यांवर आपण जिमीसारख्यांचे मोल करतो, ती त्या काळी मुख्यतः गोऱ्यांची स्पर्धा होती. कृष्णवर्णीय, मिश्रवर्णीय आणि भारतीय वंशाच्या खेळाडूंचे क्रिकेट वेगळ्या मंडळाखाली चालत असे आणि हसन हौवा यांच्या नेतृत्वाखाली त्या मंडळाची ठाम भूमिका होती की, ज्या समाजात माणसाला समान हक्क नाहीत तिथे खेळ तेवढा सुरळीत चालवता येणार नाही. त्यांच्या हौवा बाउल स्पर्धेतले सामने पुढे प्रथम श्रेणीचे मानले गेले. त्यात वेगवान गोलंदाज व्हिन्सेंट बार्न्सने ३०० हून अधिक बळी बारापेक्षा कमी सरासरीने घेतले. त्याला एकही कसोटी मिळाली नाही. पुढे तो दक्षिण आफ्रिकेच्या राष्ट्रीय संघाचा गोलंदाजी मार्गदर्शक झाला. जिमीच्या २१ हजार धावा बार्न्ससारख्या गोलंदाजाला तोंड न देता झाल्या आणि बार्न्सचे बळी जिमीसारख्या फलंदाजाविना मिळाले. दोघांचेही आकडे त्यामुळे अपुरे आहेत, आणि याचा दोष खेळाडूंचा नसला तरी मोल करताना हे ध्यानात ठेवणे आपले कर्तव्य आहे.

स्टीफनच्या बाबतीत ही अडचण उरत नाही. तो एकत्रित क्रिकेटमध्ये वाढला. ३९० धावांच्या त्या डावात सहाव्या गड्यासाठी त्याच्यासोबत ३६५ धावांची भागीदारी करणारा यष्टिरक्षक थामी त्सोलेकिले हा केप टाउनजवळच्या लांगा वस्तीतून आलेला होता. त्सोलेकिलेने २००४ मध्ये कानपूरला कसोटी पदार्पण केले होते आणि तीन कसोटींनंतर तो बाहेर पडला. २०१२ मध्ये मार्क बाउचरच्या डोळ्याला दुखापत झाली, तेव्हा ग्लोव्हज त्याच्याऐवजी एबी डिव्हिलियर्सकडे गेले. पुढे २०१६ मध्ये सामनानिश्चितीच्या प्रकरणात त्याच्यावर बारा वर्षांची बंदी आली. त्या एका भागीदारीत दोन टोकांना उभ्या असलेल्या दोन माणसांची गोष्ट कुणीतरी सविस्तर लिहायला हवी.

पूर्वाद्री

तिघांचेही मनापासून आभार. बार्न्सविषयी मला माहिती नव्हती. जोबर्गकर, एक विचारतो: आजचा स्टीफन कुक, म्हणजे पंचविशीतला एखादा चिकाटीचा सलामीवीर, आताच्या रचनेत कसा जगतो? फ्रँचायझी पद्धत बंद झाल्याचे वाचले होते.

जोबर्गकर

होय, २०२१-२२ पासून पुन्हा प्रांतिक रचना आली. पंधरा संघ दोन विभागांत आहेत, वरच्या विभागात आठ. सुरुवातीला वरच्या संघांना प्रत्येकी १६ आणि खालच्या संघांना ११ करार मंजूर झाले होते. म्हणजे संधी मिळणाऱ्यांची संख्या वाढली, पण चार दिवसांचे सामने कमी झाले: फ्रँचायझीच्या काळात हंगामाला दहा सामने असत, वरच्या विभागात ते सातवर आले. सलामीवीरासाठी ही मोठी हानी आहे, कारण कुकसारख्या फलंदाजाला स्वतःला सिद्ध करायला डावच लागतात. कोलपॅक करारांवर (परदेशी खेळाडू म्हणून न गणता काउंटीत खेळू देणाऱ्या) इंग्लंडला जाण्याचा जुना मार्गही २०२० अखेर ब्रेक्झिटमुळे बंद झाला.

कसोटीची टोपी आता कशी मिळू शकते याचे उदाहरण फेब्रुवारी २०२४ चे आहे. प्रमुख खेळाडू एसए-ट्वेंटी या टी-२० लीगमध्ये अडकल्यामुळे न्यूझीलंडला जवळजवळ पूर्णपणे प्रांतिक संघ गेला. टायटन्सच्या नील ब्रँडने पहिलीच कसोटी कर्णधार म्हणून खेळली आणि त्याच्यासह सहा जणांचे माउंट माउंगानुईला पदार्पण झाले. ब्रँडने पहिल्या डावात ६ बळी घेतले. त्शेपो मोरेकीने कसोटीतल्या पहिल्याच चेंडूवर डेव्हन कॉन्वेला बाद केले. मालिका गमावल्यावर त्यांच्यातल्या बहुतेकांना परत प्रांताकडेच जावे लागले. मला त्या खेळाडूंचा अभिमान वाटतो आणि ज्या वेळापत्रकाने त्यांना त्या स्थितीत टाकले त्याचा राग येतो.

दुसरी_स्लिप

पूर्वाद्री यांच्या दुसऱ्या प्रश्नावर एक नोंद. २०१९ च्या भारत दौऱ्यातील कसोटी मालिकेसाठी दक्षिण आफ्रिकेच्या मंडळाने हंगामी फलंदाजी मार्गदर्शक म्हणून अमोल मुजुमदारची नेमणूक केली होती. प्रथम श्रेणीत अकरा हजारांहून अधिक धावा आणि एकही कसोटी नाही, अशा माणसाकडून त्यांच्या फलंदाजांनी भारतीय खेळपट्ट्यांवर खेळायचे शिकावे असे त्या मंडळाला वाटले. देशांतर्गत कारकिर्दीतून आलेल्या ज्ञानाची किंमत त्यांना कळते हे उघड आहे. मग स्वतःच्या सलामीवीराच्या बाबतीत २०१० साली तो विचार का झाला नाही, हे मात्र मला अजूनही समजलेले नाही, आणि ऑफस्टंप यांनी दिलेल्या क्रमानेही त्याचे पूर्ण समाधान होत नाही.