डंकनची सुरुवात पोहण्यातून

व्यावसायिक बास्केटबॉलपटू व्हायचं तर चेंडू पाचव्या-सहाव्या वर्षीच हातात यायला हवा, असं अनेकदा म्हटलं जातं, पण ते मत मला पटत नाही. अमेरिकेच्या एनबीए या व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये खेळलेल्या टिम डंकनचंच बघा. कॅरिबियनमधल्या सेंट क्रॉय बेटावरचा हा मुलगा आधी जलतरणपटू होता. १९८९च्या ह्यूगो चक्रीवादळात तिथला पोहण्याचा मोठा तलाव उद्ध्वस्त झाला. समुद्रात सराव करायचा तर शार्कची भीती, म्हणून पोहणं सुटलं. पुढच्याच वर्षी, त्याच्या चौदाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी आई कर्करोगाने गेली. बास्केटबॉल त्याने नववीत असताना मनावर घेतलं!

आईला दिलेल्या शब्दाखातर पदवी पूर्ण करूनच तो १९९७मध्ये सॅन अँटोनियो स्पर्स या एनबीए संघाकडे आला. तिथेच १९ हंगाम, पाच विजेतेपदं. मला तर त्या पाचांपेक्षा ती पदवीच मोठी वाटते.