टॅरिफवरून रिपब्लिकन लोक आपापसातच का भांडतायत?

पाहुणा_न्यूजर्सी (६ एप्रिल २०२५)
सध्या मुलीकडे आलोय. बुधवारी ट्रम्पने जवळजवळ सगळ्या देशांच्या मालावर टॅरिफ, म्हणजे आयात शुल्क, जाहीर केलं, त्यावरून विचारतोय. जावयांना वीकेंडला टीव्हीवर उजव्या मंडळींची चर्चा लावायची सवय आहे, आठवड्याचं राजकारण, मार्केट वगैरे. एरवी चौघं मिळून बायडेनला झोडतात, काल मात्र एकमेकांच्याच अंगावर धावून जायचे बाकी होते. एक म्हणतो रेगनने (त्यांचे ऐंशीच्या दशकातले रिपब्लिकन राष्ट्राध्यक्ष) असं कधीच केलं नसतं, दुसरा म्हणतो रेगननेच केलं होतं. खरं कोण?

कट्ट्यावरचा
दोघंही 😀 एप्रिल १९८७ चं रेगनचं रेडिओ भाषण टॅरिफविरोधी म्हणून फिरतंय ना, ते मुळात जपानी इलेक्ट्रॉनिक्सवर नुकतीच १०० टक्के ड्युटी लावली होती त्याची सारवासारव होती. त्याआधी १९८३ ला हार्ले-डेव्हिडसनला वाचवायला बाहेरच्या ७०० सीसीवरच्या बाइक्सवर जादा ४५ टक्के. ज्याला जेवढा रेगन हवा तेवढा तो कापून घेतो.

हिशोबनीस
अहो पण ते एका देशावर, एका मालावर होतं. ट्रम्पने जवळजवळ सगळ्यांवर किमान १० टक्के आणि बऱ्याच देशांना त्याऐवजी वेगळा जास्तीचा दर लावलाय. भारताचा २६ कुठून आला बघा, अमेरिकेची भारताशी व्यापारी तूट ४५.७ अब्ज डॉलर, भारतातून आयात ८७.४ अब्ज, भागलं की ५२ टक्के, त्याचं निम्मं २६, झालं! आपण त्यांच्या मालावर किती ड्युटी लावतो त्याचा यात संबंधच नाही. माणसं नाहीत, पेंग्विन राहतात त्या हर्ड बेटावरपण १० टक्के लावलाय.

जुना_पिट्सबर्गकर
पेंग्विनवर हसा, पण मुक्त बाजार मुक्त बाजार करत २००१ ला चीनला डब्ल्यूटीओत (जागतिक व्यापार संघटनेत) घेतलं आणि इकडची कारखान्यांची गावं बसली. आज रिपब्लिकनांना मत देणारा तिथला आहे, वॉल स्ट्रीटचा नाही, ओरेन कॅससारखे कामगारांच्या बाजूने बोलणारे उजवे विचारवंत हेच कधीपासून सांगतायत. आणि टॅरिफविरुद्ध गेलेल्या रिपब्लिकन बंडखोरांचं फार कौतुक नको. बुधवारी सिनेटमध्ये कॅनडावरच्या टॅरिफविरुद्ध ठराव ५१-४८ ने पास झाला, फुटलेल्या ४ रिपब्लिकनांपैकी रँड पॉल आणि मॅकॉनेल दोघं केंटकीचे. पॉल आधीपासून टॅरिफविरोधी आहेत हे मान्य, पण केंटकीची बर्बन व्हिस्की कॅनडातल्या प्रांतांनी टॅरिफचं उत्तर म्हणून दुकानांतून उचलून ठेवलीय हेही बघा की.

पाहुणा_न्यूजर्सी
बर्बनचं टीव्हीवर कोणी बोललंच नाही. मार्केट दोन दिवसांत १० टक्क्यांहून जास्त पडल्यापासून जावई ४०१के चं (निवृत्तीसाठीच्या बचतीचं) ॲप उघडत नाहीयेत, पेंग्विनचं सांगितलं तेव्हा जरा हसले.