विषय: पुन्हा: २५ तारखेची मिशिगन–मिशिगन स्टेट मॅच कुठे दिसेल?

रवि., १९ ऑक्टोबर २०२५, सकाळी १०:१२ | कँटनहून, रांगोळी समिती

नमस्कार मंडळी, दिवाळीच्या शुभेच्छा. पटकन एक विचारायचंय, शनिवारची मिशिगन–मिशिगन स्टेट कॉलेज फुटबॉलची मॅच कुठे बघायची? आमच्याकडे केबल नाही, उन्हाळ्यात काढून टाकली, नुसतं इंटरनेट आहे. लेक या वर्षी ईस्ट लान्सिंगला मिशिगन स्टेटमध्ये गेली, त्यांच्या स्पार्टन मार्चिंग बँडमध्ये ट्रम्पेट वाजवते आणि सांगलीहून आई-बाबा आलेत त्यांना नातीला टीव्हीवर बघायचंय. बाबा ७८ वर्षांचे, ॲप वगैरे जमत नाही, रिमोटचं एक बटण दाबलं की दिसलं पाहिजे. थंडीमुळे ते दोघं त्याच संध्याकाळच्या आपल्या मंडळाच्या नाटकाला येणार नाहीत आणि मी हॉलवर असणार, म्हणजे घरी लावून द्यायला कोणी नाही. कालची वॉशिंग्टनची मॅच शेजाऱ्यांकडे बघितली ती फॉक्सवर होती. ही पण फॉक्सवरच ना?

रवि., १९ ऑक्टोबर, सकाळी १०:४० | नोव्हीहून, माजी खजिनदार

वहिनी, फॉक्स नाही, एनबीसी. संध्याकाळी साडेसात. २०२३ पासून बिग टेनच्या (या दोन्ही कॉलेजांची लीग) मॅचेस तिघांत वाटल्यात, दुपारी बाराची मोठी मॅच फॉक्सला, साडेतीनची सीबीएसला, रात्रीची एनबीसीला, आणि उरलेल्या एफएस-वन, बीटीएन या केबल चॅनेलवर नाहीतर पीकॉक ॲपवर. कुठली कोणाकडे हे आधीपासून ठरलेलं नसतं, बऱ्याचदा १२ दिवस आणि कधीकधी ६च दिवस आधी कळतं, म्हणून दर आठवड्याला शोधावं लागतं. एनबीसीवरची मॅच पीकॉकवर पण असते, महिन्याला १०.९९ डॉलर. एक महिना घ्या आणि बंद करा, सोपं आहे.

रवि., १९ ऑक्टोबर, सकाळी ११:०५ | फार्मिंग्टन हिल्स

पीकॉक म्हणजे ॲपच झालं की, आजोबांना ॲप नकोय. अँटेना घ्या असं कोणीतरी सांगेलच आता, म्हणून आधीच सांगते, घेऊ नका. गेल्या वर्षी हीच मॅच बघायला आमच्याकडे १४ जणं जमली होती, मिसळीचा मोठा घाट घातला होता, नवीन अँटेना आणला, चॅनेल स्कॅन केले, सगळे चॅनेल लागले आणि मॅच कुठ्ठेच नाही. शेवटी एकाच्या फोनवर बारा डोकी.

रवि., १९ ऑक्टोबर, दुपारी १:२० | ट्रॉय

अगं ताई, गेल्या वर्षीची २६ ऑक्टोबरची मॅच बीटीएनवर होती. बीटीएन हा केबलचा चॅनेल, तो हवेतून येतच नाही, जगातला सगळ्यात भारी अँटेना लावला असता तरी दिसला नसता. अँटेनाचा काही दोष नव्हता. या वर्षी एनबीसीवर आहे म्हणजे आपल्या डेट्रॉइटचा चॅनेल ४, तो फुकट येतो. अँटेनावर एनबीसी ४, एबीसी ७, फॉक्स २, सीबीएस ६२ एवढं लक्षात ठेवायचं, यातल्या कशावर मॅच असेल तर एक पैसा द्यायचा नाही. आजोबांसाठी यापेक्षा चांगलं काही नाही, टीव्ही चालू करायचा आणि ४ दाबायचं.

कँटनच्या वहिनींसाठी लिहितो. बहुतेक टॉवर साऊथफील्डच्या बाजूला आहेत, तुमच्यापासून वीस मैलांच्या आत, ईशान्येला. वीस-पंचवीस डॉलरचा पातळ कागदासारखा अँटेना मिळतो, तो ईशान्येच्या खिडकीच्या काचेला टेपने चिकटवा, टीव्हीमागच्या अँटेनाच्या भोकात वायर लावा, सेटिंगमध्ये जाऊन इनपुट अँटेना करा आणि चॅनेल स्कॅन. जागा बदलली की स्कॅन पुन्हा करायचा, लोक हे विसरतात आणि मग अँटेनाला शिव्या घालतात. फॉक्स २ मात्र या पातळ अँटेनावर रुसतो. पडद्यावर २ नंबर दिसतो पण तो प्रत्यक्षात व्हीएचएफच्या (जास्त लांब लहरींच्या) ७ नंबरवरून येतो, त्याला लांब दोन कांड्यांचा जुना अँटेनाच लागतो. ओहायो स्टेटची मॅच बहुतेक फॉक्सवर येते म्हणून आत्ताच कांड्यावाला घेतलात तर नोव्हेंबरचं काम होऊन जाईल.

रवि., १९ ऑक्टोबर, दुपारी २:०२ | नॉर्थव्हिल

पण यूट्यूब टीव्हीवरून (इंटरनेटवरची चॅनेल सेवा) एनबीसी काढून टाकणार होते ना? आम्ही त्या भीतीने पीकॉक घेऊन बसलो.

रवि., १९ ऑक्टोबर, दुपारी २:१५ | नोव्हीहून, माजी खजिनदार

ते २ ऑक्टोबरला मिटलं. यूट्यूब टीव्ही असेल तर काही करू नका, दिसेल.

रवि., १९ ऑक्टोबर, दुपारी ४:३० | नाटक समिती

सर्वांना नम्र विनंती. २५ तारखेला संध्याकाळी ७ वाजता पहिली घंटा आहे. तीन महिने दर रविवारी लोक ॲन आर्बर आणि लान्सिंगहून गाडी चालवत तालमीला येतायत. पाच-सहा जणांनी मला वेगळं मेल करून कॅफेटेरियात मोठा पडदा लावता येईल का विचारलंय, त्यांना इथेच सांगतो, नाही. प्रेक्षक बाहेर आणि रिकाम्या खुर्च्यांपुढे नट, हे दोन वर्षांपूर्वी बघितलंय. दुसरं म्हणजे ऑडिटोरियमचं दार उघडलं की बाहेरचा आवाज सरळ स्टेजवर येतो. हॉलची तारीख जानेवारीत घेतली होती तेव्हा मॅचची वेळ कोणाला माहीत होती?

रवि., १९ ऑक्टोबर, संध्या. ५:१० | ओकेमॉस

दादा, पडदा नका लावू, पण मॅचला नाटकाची शत्रू पण नका समजू. आपली निम्मी पोरं इकडे मिशिगन स्टेटच्या हिरव्यात आणि निम्मी तिकडे मिशिगनच्या निळ्यात शिकतायत, वर्षातून हा एकच दिवस असतो की सगळ्यांच्या घरात एकाच वेळी टीव्ही चालू असतो. या मॅचच्या विजेत्याची पॉल बनियन ट्रॉफी २०२१ नंतर आमच्याकडे आलेली नाही. त्या दिवशी आमच्या केनेथ वॉकरने पाच टचडाऊन केले आणि आम्ही ३७–३३ जिंकलो, आमच्या ह्यांनी तेव्हापासून तो शर्ट धुवायला सुद्धा दुसऱ्या कपड्यांबरोबर टाकला नाही.

रवि., १९ ऑक्टोबर, संध्या. ६:४५ | नोव्हीहून, वाचनालय

२०२१ काय, २०१५ आठवा. १७ ऑक्टोबर, नवरात्र होतं, आमच्या बेसमेंटमध्ये मंडळाचा भोंडला. बायका पाटाभोवती फेर धरून आणि पुरुष मंडळी कोपऱ्यातल्या टीव्हीसमोर. मिशिगन २३–२१ पुढे, दहा सेकंद राहिलेली, नुसता पंट मारायचा होता, म्हणजे बॉल लाथेने लांब उडवायचा. मी उठलो, म्हटलं झालं, आता खिरापतीच्या डब्यांकडे बघू. डब्याचं झाकण हातात आणि मागून एकच आरडाओरडा. पंटरच्या हातून बॉल सुटला आणि मिशिगन स्टेटच्या जेलन वॉट्स-जॅक्सनने तो उचलून थेट टचडाऊन, २७–२३. वळून बघितलं तर अर्धी खोली उड्या मारतेय आणि अर्धी मंडळी खाली बसलेली. फेर थांबला होता, सगळ्या बायका टीव्हीसमोर. तेव्हापासून मी घड्याळ शून्य झाल्याशिवाय उठत नाही. म्हणून नाटक समितीला माझं म्हणणं आहे की मध्यंतर १५ऐवजी २५ मिनिटांचं करा, लोक फोनवर बघून येतील आणि परत बसतील.

रवि., १९ ऑक्टोबर, संध्या. ७:०० | नाटक समिती

मध्यंतर १५ मिनिटंच. शाळेचा हॉल रात्री ११ला रिकामा करून द्यायचाय, सेट उतरवायला पाऊण तास लागतो.

रवि., १९ ऑक्टोबर, रात्री ९:३३ | ॲन आर्बर, विद्यार्थी प्रतिनिधी

काकू, एक गोष्ट कोणीच सांगितली नाही म्हणून लिहितो. मी इकडे निळ्या बँडमध्ये दोन वर्षं होतो. कॉलेज मॅचचा हाफटाइम २० मिनिटांचा असतो आणि बँड तेव्हाच मैदानात उतरतो, पण टीव्हीवर त्या वेळात बहुतेक स्टुडिओतली चर्चा आणि जाहिराती असतात. बँड दिसलाच तर ब्रेकला जाताना चार-पाच सेकंद. शिवाय युनिफॉर्म आणि टोप्या एकसारख्या, ३०० जणांत एक ट्रम्पेट ओळखू येत नाही. माझ्या आईने ठाण्यात बसून पहाटे किती वेळा प्रयत्न केला, आमची साडेसातची मॅच म्हणजे तिकडे पहाटेचे ५. तिकडे पीकॉक उघडत नाही म्हणून माझा रूममेट फोन टीव्हीकडे तोंड करून पाण्याच्या बाटलीला टेकवून ठेवायचा आणि ती व्हिडिओ कॉलवर बघायची, पण मी तिला एकदाही दिसलो नाही. अँटेना लावाच, आजोबांना मॅच दिसेल, आमच्या मिशिगनचा खेळाडू ब्राइस अंडरवूड तर तुमच्या शेजारच्या बेलव्हिलचा मुलगा आहे. पण नात बघायची असेल तर स्टेडियममध्येच जावं लागेल. आणि हाफटाइमपेक्षा मॅचच्या आधी लवकर जा, स्पार्टन बँड गुडघे वर उचलत जवळजवळ धावत मैदानात येतो, ते खरं बघण्यासारखं.

सोम., २० ऑक्टोबर, सकाळी ७:५० | कँटनहून, रांगोळी समिती

हे माहीत नव्हतं. अभ्यंगस्नान करून मेल वाचलं आणि खरं सांगते, रडूच आलं. ऑगस्टमध्ये तिला सोडलं तेव्हापासून तिला एकदाही वाजवताना बघितलेलं नाही, शाळेत असताना दर शुक्रवारी मी कुंपणाशी उभी असायचे. पण शनिवारी दारातली मोठी रांगोळी माझ्याकडे आहे, आणि आता तिकिटं कुठली मिळणार.

सोम., २० ऑक्टोबर, सकाळी ८:२० | फार्मिंग्टन हिल्स

चकलीची ऑर्डर अजून कोणाकोणाची राहिलीय? आज दुपारी भाजणी संपतेय. आणि ट्रॉयच्या दादांना, ठीक आहे, बीटीएन होतं हे मान्य, पण आमच्या घरी चॅनेल ६२ पण अडकत अडकत येतो त्याचं काय?

सोम., २० ऑक्टोबर, सकाळी ८:४१ | ट्रॉय

तुझा अँटेना टीव्हीच्या मागे लोंबतोय, मी आलो होतो तेव्हा बघितलाय. खिडकीत लाव.

सोम., २० ऑक्टोबर, दुपारी १२:१५ | ओकेमॉस

कँटनच्या वहिनी, आमची दोन सीझन तिकिटं आहेत. ह्यांना शुक्रवारी ऑफिसच्या कामाला टेक्सासला जावं लागतंय, मी एकटी जाणार होते. तुम्ही या, पैशाचं नाव काढू नका. इकडे यायला तासभर लागतो, पण मॅचच्या दिवशी दोन तास धरा, गाडी आमच्या दारात लावा आणि तिथून एकत्र जाऊ. तुम्ही साडेचारला निघालात तर बँड आत येताना आपण जागेवर असू. अंगावर भरपूर घाला, रात्रीचं ते सिमेंट फार गार होतं, मी एक गोधडी घेते दोघींत. मुलगी कुठल्या बाजूला उभी असते ते तिला विचारून ठेवा म्हणजे मी दुर्बीण आणते.

सोम., २० ऑक्टोबर, दुपारी १२:३० | नाटक समिती

वहिनी, तुम्ही जा. रांगोळी सकाळी ११ला सुरू करा, शाळेचा माणूस दार उघडून देईल हे मी बघतो, शेवटचे रंग माझी बायको आणि नोव्हीच्या मुली भरतील. मेक-अपच्या खोलीची किल्ली तेवढी जाण्याआधी कोणाकडे तरी द्या.

मंगळ., २१ ऑक्टोबर, रात्री ८:०५ | ट्रॉय

बुधवारी पाडव्याचं ओवाळून झालं की मी कँटनला येतो, माझ्याकडे कांड्यावाला जास्तीचा अँटेना पडून आहे. आजोबांना रिमोट शिकवूनच निघतो.

रवि., २६ ऑक्टोबर, सकाळी ९:१८ | कँटनहून, रांगोळी समिती

सगळ्यांचे मनापासून आभार. रात्री दीड वाजता घरी पोचले. आम्ही ३१–२० हरलो, पण बँड आत आला तेव्हा तिसऱ्या ओळीत डावीकडून पाचवी, ओकेमॉसच्या वहिनींच्या दुर्बिणीतून स्पष्ट दिसली, कानाशी केस सुटलेले, टोपी थोडी पुढे आलेली. मॅच संपल्यावर पाच मिनिटं भेटली, हात बर्फासारखे गार. मी शंकरपाळ्यांची पुडी दिली ती तिने तिथेच उघडली आणि ट्रम्पेटवाल्या सगळ्यांना वाटली.

बाबांनी शेवटपर्यंत चॅनेल ४ बघितला. हाफटाइमला बँड तीन-चार सेकंद दाखवला म्हणतात आणि नात दिसली असं त्यांचं ठाम म्हणणं आहे, आईला दिसली नाही. आता ते विचारतायत पुढची मॅच कधी. १ नोव्हेंबरची मिशिगन–पर्ड्यू कोणत्या नंबरवर?

मेक-अपच्या खोलीची किल्ली माझ्याच कोटात राहिली, माफ करा, आज दुपारी आणून देते.

रवि., २६ ऑक्टोबर, सकाळी ९:५५ | ट्रॉय

पर्ड्यू संध्याकाळी ७ला, पण बीटीएनवर. अँटेनावर नाही. आजोबांना आमच्याकडे घेऊन या, जेवायलाच या. १५ नोव्हेंबरला पेन स्टेट ईस्ट लान्सिंगला येतंय, त्याचा चॅनेल कळला की कळवतो, तोवर अँटेना खिडकीतून हलवू नका.

रवि., २६ ऑक्टोबर, सकाळी १०:०२ | नाटक समिती

किल्ली १२च्या आत मिळाली तर बरं, शाळेचा माणूस १२लाच जातो.