टब नसलेल्या घरात ओट्स, मीठ, सोडा घालून केलेल्या स्नानाचा खरोखर उपयोग होतो का?

प्रश्न (नाशिक)

सर्वांना नमस्कार. माझ्या सासूबाईंचे वय ७२ आहे. दर वर्षी थंडी सुरू झाली की त्यांच्या नडग्यांची आणि पोटऱ्यांची त्वचा इतकी कोरडी पडते की खाजवल्यावर पांढरा कोंडा सुटतो. रात्री अंथरुणात शिरल्यावर खाज वाढत जाते आणि दोन-दोन वाजेपर्यंत त्यांचा डोळ्याला डोळा लागत नाही. त्वचारोगतज्ज्ञांनी तपासून वयोमानाने आलेला कोरडेपणा आहे, दुसरा आजार नाही, असे सांगितले आणि लावायला मलम दिले. मलमाने थोडा आराम पडतो, परंतु ते अंगाला चिकटते म्हणून त्या टाळतात.

माझ्या वाचनात असे आले की ओट्सचे पीठ, खाण्याचा सोडा, सैंधव मीठ, दूध असे घरातलेच पदार्थ पाण्यात घालून त्यात काही वेळ बसल्यास खाज शमते आणि दुखरे पायही हलके होतात. मात्र या सर्व कृती टबासाठी लिहिलेल्या असतात आणि आमच्याकडे टब नाही. १६ लिटरची बादली आहे, आणि माझ्या माहेराहून आलेले तांब्याचे घंगाळ आहे, ज्यात दहाएक लिटर पाणी मावते. सासूबाईंना कढत पाण्याने बराच वेळ अंघोळ करण्याची सवय आहे. संध्याकाळी त्यांचे पाय दुखतात, म्हणून घंगाळात गरम पाणी आणि मीठ घालून पाय बुडवून बसण्याचाही त्यांचा आग्रह आहे. यातले काय करावे, किती प्रमाणात करावे आणि काय टाळावे, हे अनुभव असलेल्यांनी सांगितल्यास मी आभारी राहीन.

प्रतिसाद (टोरांटो)

माझ्या मुलीला ती दहा महिन्यांची असल्यापासून एक्झिमा आहे आणि इथला हिवाळा पाच महिने चालतो, त्यामुळे ओट्सच्या स्नानाचा आम्हाला सात वर्षांचा अनुभव आहे. तुमच्या यादीतला ओट्स हा पदार्थ मी निःशंकपणे सुचवीन. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने २००३ साली बारीक दळलेल्या ओट्सना त्वचेचे रक्षण करणारा घटक म्हणून अधिकृत मान्यता दिली आहे. ओट्समधील स्टार्च आणि बीटा-ग्लुकान पाण्यात फुगून त्वचेवर एक पातळ थर धरतात, तर त्यांतील अ‍ॅव्हेनान्थ्रामाइड नावाची द्रव्ये खाज आणि लाली कमी करतात.

कृती सोपी आहे, परंतु दळण्यात कसूर करू नये. ओट्स साधे घ्यावेत, मसाला किंवा साखर घातलेले पाकीट चुकूनही घेऊ नये. मिक्सरच्या लहान, पूर्ण कोरड्या भांड्यात ते मैद्यासारखे होईपर्यंत फिरवावेत. पेलाभर कोमट पाण्यात चमचाभर पीठ टाकून ढवळल्यावर पाणी दुधासारखे झाले आणि बोटांना बुळबुळीत लागले, तर पीठ जमले असे समजावे. ते सगळे तळाशी जाऊन बसले, तर पुन्हा दळावे.

टबाला आम्ही एक कप पीठ घालतो, पण तुम्हाला तेवढे मुळीच लागणार नाही. वर सांगितलेल्या मान्यतेत स्नानाच्या पाण्यासाठी किमान प्रमाण ०.००७ टक्के दिलेले आहे, म्हणजे १५० लिटर पाण्याला साधारण १० ग्रॅम. या हिशेबाने तुमच्या बादलीला दीड ग्रॅमही पुरेसे ठरते, आणि एक मोठा चमचा पीठ घातले तर ते भरपूरच झाले. म्हणून टब नाही याचे वाईट वाटून घेऊ नका. मी भारतात येते तेव्हा मलमलीच्या कापडात दोन चमचे पीठ बांधून ती पुरचुंडी बादलीत पिळत राहते. पाणी दुधाळ होते, भरड कण कापडातच राहतात आणि मोरी तुंबत नाही. तीच ओली पुरचुंडी नडग्यांवरून साबणाऐवजी हलक्या हाताने फिरवावी आणि शेवटचे दोन-तीन तांबे त्याच पाण्याचे अंगावर घ्यावेत. एकदा भिजलेले पीठ मात्र दुसऱ्या दिवसासाठी ठेवू नये.

प्रतिसाद (पुणे)

मी औषधनिर्माणशास्त्र शिकवतो. ओट्सविषयी वर जे लिहिले आहे ते योग्य आहे, त्यामुळे मी उरलेल्या पदार्थांविषयी लिहितो.

खाण्याच्या सोड्याचे द्रावण किंचित अल्कधर्मी असते. त्याचा सामू (आम्लता मोजण्याचे माप, pH) ८ च्या थोडा वर असतो, तर निरोगी त्वचेचा पृष्ठभाग आम्लधर्मी, साधारण ५ च्या आसपास असतो. खाजेसाठी टबभर पाण्यात पाव कप सोडा घालण्याचा सल्ला डॉक्टरही देतात, परंतु त्याच प्रमाणात दहा लिटरला जेमतेम पाऊण चहाचा चमचा सोडा होतो. आपल्याकडे तो मूठभर घातला जातो, किंवा त्याची पेस्ट करून थेट चोळली जाते, आणि आधीच कोरड्या असलेल्या त्वचेची त्यामुळे आणखी हानी होते. सोडा आणि व्हिनेगर एकत्र घालण्याची कृतीही बरीच पसरली आहे. दोन्ही एकमेकांचा परिणाम पुसून टाकतात, फेस तेवढा दिसतो आणि मागे सोडियम अ‍ॅसिटेटचे साधे पाणी उरते.

सैंधव, समुद्राचे मीठ आणि स्वयंपाकातले मीठ यांत त्वचेच्या दृष्टीने विशेष फरक नाही, कारण तिन्हींमध्ये बहुतांश सोडियम क्लोराइडच असते. किमतीत मात्र बराच फरक असतो. एप्सम सॉल्ट हे खाण्याचे मीठ नव्हेच. ते मॅग्नेशियम सल्फेट आहे आणि इंग्लंडमधील एप्सम या गावच्या झऱ्याच्या पाण्यावरून त्याला ते नाव पडले. त्यातले मॅग्नेशियम त्वचेतून शिरून स्नायूंना मिळते, या दाव्याला भक्कम पुरावा नाही. पाय हलके वाटतात ते ऊबेने आणि वीस मिनिटे स्वस्थ बसण्याने, आणि तो आराम खोटा नाही, पण त्यासाठी महाग डबा आणण्याचे कारण नाही.

आता मला सर्वांत महत्त्वाची वाटणारी गोष्ट. पाण्यात काय घातले यापेक्षा पाणी किती गरम होते, अंघोळ किती वेळ चालली आणि अंग पुसल्यावर काय लावले, यांवर कोरड्या त्वचेचे बरेवाईट अधिक ठरते. २०१८ साली ब्रिटनमध्ये एक्झिमा असलेल्या ४८३ मुलांवर झालेल्या एका चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. नेहमीचे मलम आणि काळजी चालू असताना अंघोळीच्या पाण्यात स्निग्ध द्रव ओतल्याने अधिकचा लक्षणीय फायदा दिसला नाही. ती चाचणी ओट्सच्या घरगुती पिठाची नव्हती आणि तुमच्या सासूबाई लहान मूल नाहीत, तरी मलमाची जागा स्नान घेऊ शकत नाही एवढा बोध त्यातून घ्यायला हरकत नसावी. कढत पाणी त्वचेतील नैसर्गिक स्निग्धता धुऊन नेते. त्या क्षणी खाज थांबल्यासारखी वाटते आणि रात्री दुप्पट होऊन परत येते. पाणी अंगाच्या तापमानाइतके, म्हणजे ३७ अंशांच्या आसपास ठेवावे, दहा मिनिटांत अंघोळ आटोपावी, पंचाने अंग न घासता टिपून घ्यावे आणि त्वचा ओलसर असतानाच, दोन-तीन मिनिटांच्या आत, मलम लावावे. ओल्या अंगावर मलम थोडे लागते, नीट पसरते आणि चिकटल्याची भावनाही कमी होते, असे अनेकांचे म्हणणे असते. तरीही त्यांना ते नकोच असेल, तर खोबरेल तेल वापरून पाहावे. २००४ साली फिलिपिन्समध्ये कोरड्या त्वचेच्या ३४ रुग्णांवर झालेल्या तुलनेत ते खनिज तेलाइतकेच उपयोगी ठरले होते.

प्रतिसाद (कोल्हापूर)

मी तीस वर्षे रुग्णालयात परिचारिका होते. ताई, कृपया आधी एका प्रश्नाचे उत्तर द्या. आपल्या सासूबाईंना मधुमेह आहे का, आणि त्यांच्या पायांना मुंग्या येणे किंवा बधिरपणा जाणवणे असे काही होते का? पाय बुडवून बसण्याविषयी त्यानंतरच बोलता येईल.

प्रश्नकर्ती

हो, गेली अकरा वर्षे मधुमेह आहे, गोळ्या चालू आहेत. तळव्यांखाली कापूस असल्यासारखे वाटते, असे त्या अधूनमधून म्हणतात. मी ते त्वचेच्या कोरडेपणामुळे असेल असे धरून चालले होते, म्हणून प्रश्नात लिहिले नाही.

प्रतिसाद (कोल्हापूर)

मग घंगाळात पाय बुडवून बसणे पूर्णपणे बंद ठेवा, पाण्यात मीठ असो वा नसो. तळव्यांखाली कापूस असल्यासारखे वाटणे हे नसांची संवेदना कमी झाल्याचे लक्षण असू शकते. अशा माणसाला पाणी किती तापले आहे हे पायाला कळत नाही. भाजून फोड आल्यावरच लक्षात आलेले कितीतरी रुग्ण मी पाहिले आहेत, आणि त्यांतल्या काहींची जखम भरायला अनेक महिने लागले. शिवाय बराच वेळ भिजल्याने बोटांच्या बेचक्यांतली त्वचा पांढरी, मऊ पडते, तिथे चीर जाते आणि जंतुसंसर्गाला वाट मिळते, तर टाचा मात्र नंतर अधिकच कोरड्या होतात. मधुमेह असलेल्यांनी पाय रोज कोमट पाण्याने धुवावेत, पण भिजत ठेवू नयेत, असेच आम्ही सर्वांना सांगत असू.

बादलीतले पाणी त्यांच्या हातांनी किंवा पायांनी न पाहता तुम्ही स्वतः कोपर बुडवून पाहा. बोटांच्या बेचक्या कोरड्या टिपा, तिथे तेल किंवा मलम लावू नका. टाचांना आणि नडग्यांना अवश्य लावा. ओट्सच्या पाण्याने आणि तेलाने मोरीची फरशी निसरडी होते, तेव्हा खाली रबरी चटई घाला आणि त्यांना स्टुलावर बसवूनच अंघोळ घाला. पायाच्या बधिरपणाविषयी त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरांना याच आठवड्यात सांगा. पाय दुखण्याचे कारणही कदाचित तेच असेल.

प्रतिसाद (रत्नागिरी)

ओट्स आमच्या लहानपणी कुणाला ठाऊक नव्हते, परंतु अंगाला खाज सुटली की आजी भाताची पेज गाळून, निवळ पाण्यात मिसळून अंगावर घालत असे. पुढे माझ्या मुलाने मला वाचून दाखवले की बेल्जियममधील संशोधकांनी २००२ साली तांदळाच्या स्टार्चच्या पाण्यात दिवसातून दोनदा १५ मिनिटे त्वचा भिजवून पाहिली होती आणि दुखावलेल्या त्वचेची बरे होण्याची क्षमता त्याने सुधारली होती. आजीला हे ऐकून फार आनंद झाला असता. ओट्स मिळाले नाहीत, तर बिनमिठाची, गाळलेली पातळ पेज वाटीभर बादलीत घालावी आणि अंगावर चिकट राहू नये म्हणून शेवटी एक तांब्या साधे पाणी घ्यावे.

घंगाळ तांब्याचे आहे म्हणून एक सांगते. त्यात मीठ, ताक, लिंबू यांतले काहीही घालू नये. तांब्यावर त्यांची क्रिया होते, भांडे हिरवे पडते आणि तो अंश पाण्यात उतरतो. नुसते पाणी, वाळ्याची जुडी किंवा कडुनिंबाचा पाला एवढेच त्याला सोसते. कांजिण्यांची खपली पडल्यावर कडुनिंबाच्या पाण्याने अंघोळ घालण्याची आमच्याकडे रीत आहे, पण कोरड्या त्वचेला कडुनिंब रोज वापरू नये, कारण त्याने आमच्याकडे तरी त्वचा अधिक राठ झालेली मी पाहिली आहे.

दिवाळीचे उटणे राहिले असेल, तर तेही या नडग्यांवर चोळू नका. नागरमोथा, आंबेहळद, कचोरा यांची भरड तेल लावलेल्या तरुण त्वचेला छान, पण इथे ओरखडे उठतील. आणि लिंबाविषयी तर मी सर्वांनाच सावध करते. माझ्या धाकट्या बहिणीने एका मे महिन्यात लिंबाच्या फोडी कोपरांना आणि मनगटांना चोळून अंघोळ केली आणि दुपारभर अंगणात बसून आंब्याची साठे उन्हात घातली. दुसऱ्या दिवशी हातांवर भाजल्यासारखे फोड आले आणि त्यांचे काळपट डाग पुढच्या दिवाळीपर्यंत राहिले. लिंबाच्या रसातील आणि सालीतील काही द्रव्ये उन्हात त्वचा भाजतात, असे डॉक्टरांनी तेव्हा सांगितले होते. दालचिनी आणि कापूरही अंघोळीच्या पाण्यात नकोत. दालचिनी झोंबते, आणि कापूर लहान मुलांच्या पोटात गेल्यास विषारी ठरतो.

प्रश्नकर्ती (तीन आठवड्यांनंतर)

सर्वांचे मनापासून आभार. घंगाळ पुसून पुन्हा देवघराजवळ ठेवले आहे. सासूबाईंना पाय बुडवायला मिळणार नाही हे पटवणे अवघड गेले, पण डॉक्टरांनी तळव्याला बारीक तंतू टेकवून तपासणी केली तेव्हा दहापैकी चार ठिकाणी तो टेकल्याचे त्यांना कळलेच नाही, आणि मग त्यांनी स्वतःहून तो विषय सोडला. नसांसाठी औषध सुरू झाले आहे.

ओट्सच्या पुरचुंडीची अंघोळ आम्ही एका आड एका दिवशी करतो. पाणी पूर्वीपेक्षा निवलेले असते, याबद्दल पहिला आठवडाभर त्यांची कुरकुर होती, म्हणून न्हाणीघराचे दार लावून आधी एक तांब्या गरम पाणी फरशीवर ओतते आणि खोली उबदार झाल्यावरच त्यांना बसवते. टिपून घेतल्यावर लगेच मलम लावू देतात, कारण ओल्या अंगावर ते खरेच कमी चिकटते. नडग्यांवरचा कोंडा जवळजवळ गेला आहे. खाज पूर्ण थांबलेली नाही, परंतु परवा त्या रात्री साडेदहाला झोपल्या त्या पहाटे पाचला काकड्याच्या आवाजाने उठल्या.

एक शंका उरली आहे. दळलेले पीठ हवाबंद बरणीत किती दिवस चांगले राहते? मी सध्या आठवड्यापुरतेच दळते.

प्रतिसाद (टोरांटो)

आठवड्यापुरतेच दळण्याची पद्धत उत्तम आहे, तीच चालू ठेवा. ओट्समध्ये स्निग्धांश असतो, त्यामुळे दळल्यावर पीठ हळूहळू खवट होते. वास बदलला किंवा गुठळ्या धरल्या की ते टाकून द्यावे, आणि बरणीत ओला चमचा कधीही घालू नये.