११० पैकी ९२ भाग एकट्यानं लिहिले : ताकद की हट्ट?

देसाईगंजकर : राजेहो, 'बॅबिलॉन ५' ही अंतराळस्थानकावर घडणारी अमेरिकन मालिका १९९४ ते १९९८ चालली. पाच हंगाम, ११० भाग. त्यातले ९२ जे. मायकेल स्ट्रॅझिन्स्की या एकाच माणसानं लिहिले, तिसरा आणि चौथा हंगाम तर पूर्ण. निर्मिती सांभाळणाराही तोच. लांब पल्ल्याची विज्ञानकथा अशीच व्हावी. पहिल्या वर्षी पेरलेलं तिसऱ्या वर्षी उगवायचं तर पेरणारा बदलून चालत नाही.

तिवसेकर : पेरणारा एक असू द्या भाऊ, पण डवरणी-निंदणही त्यानंच करायचं? हंगामाला २२ भाग, म्हणजे दोन हंगामांत ४४ संहिता. तिकडं लेखकांची टोळी बसते, फळ्यावर प्रसंग मांडते, लंगडा प्रसंग तिथंच गळतो. एकट्याचा लंगडा प्रसंग थेट कॅमेऱ्यापुढं जातो. यातली लांबलचक भाषणं ऐका, कोणीतरी निम्मी छाटायला हवी होती.

देसाईगंजकर : भाषणांचं मान्य. पण पहिल्या हंगामानंतर नायकाचं काम करणारा मायकेल ओहेअर बाहेर पडला, तेव्हा काय झालं ते पाहा. त्याचं पात्र सिंक्लेअर, त्याला मारलं नाही. मिनबार या परग्रहावर राजदूत म्हणून धाडलं, जागेवर शेरिडन हा नवा नायक आणला, आणि तिसऱ्या हंगामात दोन भागांसाठी सिंक्लेअरला परत आणून त्याचा धागा पुरा केला. प्रत्येक पात्राला बाहेर पडायची वाट त्यानं आधीच ठेवली होती. शंकरपटाच्या रात्री नाटकाचा मुख्य नट आला नाही तर काय हाल होतात, हे झाडीपट्टीत कोणाला सांगायला नको!

मूलकर : खर्चाचंही बघा जी. १९९३च्या पायलटमधली, म्हणजे चाचणी भागातली, अंतराळयानं प्रतिकृती न बांधता अमिगा या घरगुती संगणकांवर केली. हिशेब ठाऊक असलेला लेखक नवा सेट मागण्याआधी जुन्याच दालनात प्रसंग बसतो का ते पाहतो.

तिवसेकर : मग चौथ्या हंगामाचं काय? मालिका दाखवणारं वाहिन्यांचं जाळं मोडकळीला आलं, पाचवं वर्ष मिळेल याची खात्री राहिली नाही, म्हणून पृथ्वीवरचं यादवी युद्ध त्यानं चौथ्यातच आटोपलं. नंतर टीएनटी या वाहिनीनं पाचवा हंगाम घेतला, आणि त्याचा पहिला अर्धा भाग टेलिपाथांच्या, म्हणजे मनातलं वाचणाऱ्यांच्या, कथेवर रेंगाळला. चार डोकी असती तर दुसरं कथानक तयार असतं.

देसाईगंजकर : रेंगाळला, खरं आहे. पण चौथ्यात चित्रित केलेला शेवटचा भाग त्यानं तसाच राखून ठेवला आणि १९९८च्या अखेरीला दाखवला. त्यामुळंच पाचव्या हंगामात एरवी कुठं नसलेली इवानोव्हा, स्थानकावरची आधीची अधिकारी, त्या एका भागात दिसते. टोळीनं हा शेवट एवढा जपला असता?

तिवसेकर : शेवट जपला असता की नाही, माहीत नाही. मधला अर्धा हंगाम मात्र नक्की वाचला असता.